साडीमागच्या बाटल्या

२५ ऑगस्ट
दुकान उघडताच पॅट. सायडरची, म्हणजे सफरचंदाच्या दारूची, मोठी बाटली, रोजचीच. हात इतके थरथरत होते की पिशवीत मीच घातली. "यू आर अ गुड गर्ल." पूर्वी ही आमच्या ईशाच्या शाळेत जेवण वाढायची. मी गुड गर्ल.

२६ ऑगस्ट
उद्या गणपती. ठरवलं, पाच दिवस दारू विकायची नाही. सुधीर चिडला; नवऱ्याला गल्ल्याची काळजी. "बाप्पा वरच्या मजल्यावर, बाटल्या खाली. त्याला वास येतो का?" म्हटलं, मला येतो. "कर बाई, कमव पुण्य." आईची जुनी नारायणपेठ साडी बाटल्यांच्या शेल्फवर पडद्यासारखी टाचली.

२७ ऑगस्ट
पॅट साडीकडे बघत राहिली. "कोणी गेलं का, लव्ह?" सण आहे म्हटलं, रविवारपर्यंत नाही. मोदक दिला. चढावरच्या सुपरमार्केटपर्यंत तिची कंबर तिला नेत नाही, हे ठाऊक होतं. त्याचंच समाधान वाटलं.

२९ ऑगस्ट
पॅट कालही नाही, आजही नाही. सुधीर म्हणाला, "सुटली बघ तुझ्या कृपेने." आरतीत आज मन लागलं.

३० ऑगस्ट
पॅटची मुलगी आली होती. काल संध्याकाळी पॅट तिला किचनमध्ये पडलेली सापडली. फिट्स. हॉस्पिटलमध्ये आहे. रोज इतकी पिणाऱ्याने एकदम थांबणं जिवावर बेततं, हळूहळू कमी करावी लागते, असं डॉक्टर म्हणाले.
मुलगी रागावली नाही. "तुम्ही तिला केक दिलात म्हणे. थँक यू." रागावली असती तर...

३१ ऑगस्ट
बादलीत विसर्जन. शाडू विरघळेपर्यंत तिथेच बसले.
सुधीर: "काढ आता ती साडी. तू काय विष दिलंस तिला?"
इतकी वर्षं दिलं. तेव्हा कोणी थँक यू म्हणायला आलं नव्हतं.
साडी त्यानेच काढली.

१६ सप्टेंबर
पॅट आली, काठी टेकत. चेहरा ओढलेला, पण हात स्थिर. हॉस्पिटलात दारू सोडवलीय म्हणाली. दूध हवं होतं. नजर मात्र माझ्या खांद्यावरून मागे, बाटल्यांवर.
"तो तुझा पडदा परत लावशील? मी आत असेपर्यंत तरी."
धावत वर गेले. साडी धुऊन कपाटात ठेवली होती, पटकन सापडेना. खाली आले तर पॅट गेलेली. गल्ल्यावर सुधीर.
"काय घेतलं तिनं?"
"दूध." माझ्याकडे न बघता.
शेल्फवरची एखादी बाटली कमी झालीय का, ते मीही बघितलं नाही. मान खाली घालूनच साडी टाचली.