बोटभर रुंद सांधे

४ मार्च

फोडली! बाथरूमची भिंत फोडली. आता माघार नाही. ही ट्रेनिंगला परगावी गेलीय. ती यायच्या आत नव्या टाइल्स लावून तिला चकित करायचं. हातोडा मारताना फार भारी वाटत होतं. आंघोळ कुठे करायची, हे मात्र जुन्या टाइल्स खाली पडल्यावर सुचलं.

५ मार्च

आंघोळीला सासऱ्यांकडे गेलो. पलीकडच्या गल्लीत एकटेच राहतात. मग सगळं सांगावंच लागलं. लग्नाला इतकी वर्षं झाली, पण आमचं बोलणं ‘बरं आहे ना?’ आणि ‘बरं आहे’ एवढंच. आमच्या लग्नाला त्यांचा नकार होता. तो मागे घेतल्याचं निदान माझ्या तरी कानावर नाही.

आज मात्र टाइल्स बघायला स्वतः आले. एक हातात घेतली.

‘जावईबापू, ही वाकडी आहे.’

‘हाताने घडवलेल्या आहेत, बाबा.’

‘तेच म्हणतोय. एक बाळसेदार, दुसरी उपाशी!’

मी समजावलं — म्हणूनच दोन टाइल्समध्ये बोटभर फट ठेवायची आणि ती ग्राउटने, म्हणजे सांध्यांच्या सिमेंटने, भरायची. सांधा रुंद असला की लहानमोठेपणा खपून जातो.

त्यांचा चेहरा बघण्यासारखा झाला! आयुष्यभर शिंपीकाम केलेला माणूस. ‘शिवण दिसली की गिऱ्हाईक गेलं,’ म्हणाले आणि निघून गेले.

६ मार्च

सकाळी दार वाजलं. सासरे! गळ्यात टेप, हातात खडू. ‘करताच आहात, तर सरळ तरी करा.’

दिवसभर वाद. मी फट राखायला टाइल्समध्ये जाड तुकडे खोचायचो. माझी पाठ वळली की ते काढून बारीक खोचायचे. संध्याकाळपर्यंत भिंतीची वाटणी झाली — डावी माझी, उजवी त्यांची.

७ मार्च

घसरल्या. सगळ्या! खाली पट्टीचा आधार द्यायलाच विसरलो होतो. सासरे शांतपणे म्हणाले, ‘माझ्या बाजूच्या नंतर पडल्या.’

८ मार्च

आज पट्टी ठोकायला घेतली आणि खिळा थेट पाइपात! कारंजं उडालं. सासऱ्यांनी धावत येऊन भोकावर अंगठा दाबला. मी कॉक बंद करायला जिन्याखाली.

‘जावईबापू, लवकर!’

‘गंजलाय, बाबा! फिरत नाहीये!’

आणि अंगात काय संचारलं कोण जाणे — तिथूनच ओरडलो, ‘तुम्ही आमच्या लग्नाला का नाही म्हणाला होतात?’

मग वरून — ‘तुमच्यात काही खोट नव्हती हो! ती सासरी गेली की घरात बोलायला कोण होतं मला?’ आणि लगेच, ‘आता हो म्हणतो, पण आधी तो कॉक फिरवा!’

फिरला.

वर गेलो तर नखशिखांत भिजलेले, अंगठा अजून भोकावरच. मी टॉवेल दिला. मग दोघंही एकदम हसत सुटलो — पोट दुखेपर्यंत.

१० मार्च

प्लंबरने पाइप जोडला. भोकाकडे बघून म्हणाला, ‘ठरवून मारला असता तर लागला नसता.’

१२ मार्च

टाइल्स लागल्या. घसरल्यावर त्या एकमेकींत इतक्या मिसळल्या होत्या की बारीक फटीत एकही ओळ सरळ बसेना. सासरे स्वतःच जाड तुकडे खोचायला लागले! ‘हसू नका,’ म्हणाले. ‘शिवण दाखवायचीच, तर देखणी तरी दिसू दे.’

१४ मार्च

ग्राउट. रुंद सांध्याला रेती मिसळलेला लागतो, नाहीतर वाळल्यावर तडे जातात. रबरी थापीने तिरका दाबून भरत गेलो. निम्मा भिंतीत, निम्मा आमच्या अंगावर. ओल्या स्पंजने पुसलं की टाइल चकचकीत, पाठ फिरवली की पुन्हा पांढुरकी! सासरे शेवटी भिंतीशीच भांडायला लागले. संध्याकाळी आंघोळीला त्यांच्याकडे गेलो आणि जेवूनच परतलो. गप्पा काही संपेनात.

१६ मार्च

ही आली. डोळे मिटायला लावून आम्ही तिला बाथरूमच्या दारात उभं केलं. दोघंही एकदम सांगत होतो — रेती, पट्टी, पाइप! तिने भिंतीकडे बघितलं. मग आमच्याकडे.

‘बाबा तुझ्याशी बोलतायत?’

टाइल्सबद्दल चकार शब्द नाही!

१७ मार्च

चहाच्या वेळी सासऱ्यांसमोरच हिने सांगून टाकलं — तिकडेच कायमची नेमणूक मिळालीय. घरही देतायत. आपण तिकडे जायचं.

सासरे उठले आणि बाथरूममध्ये जाऊन भिंतीवरून हात फिरवत उभे राहिले. मी मागोमाग गेलो.

‘बाबा, तिकडचं घर जुनं आहे म्हणे. मला एकट्याला नाही जमायचं.’

त्यांनी मागे वळून बघितलं नाही.

‘निघायचं कधी?’