चौऱ्याऐंशी सेंटिमीटर

शुक्रवार, ३. संध्याकाळी ७.१०

झालं ते असं:

१. आमच्या मोजणी ऑफिसच्या रेकॉर्ड रूमनं निकालात काढलेली एक पोथी घरी आणली. विषय: एका मितीतून दुसरीत जाण्याच्या वाटा आणि त्यांची मोजणी. वय आठशे वर्षं तरी असावं.

२. तिची लिपी मला येत नाही. बाबांना येते. त्याच रेकॉर्ड रूममध्ये त्यांनी चौतीस वर्षं काढली.

३. पोथीत सांगितलंय तसं राहतं घर मोजलं. बाबांच्या खोलीच्या चौकटीवरच्या खिळ्यापासून निघून, सगळ्या खोल्या फिरून, परत त्याच खिळ्याशी. एकूण बारा मापं. टेपचं टोक बाबांनी धरलं, वाचन मी केलं.

४. परत आल्यावर हिशेबानं खिळा चौऱ्याऐंशी सेंटिमीटर पलीकडे निघाला.

५. हा फरक बारा मापांत वाटून टाकला. सारखा नाही, जिथे खपेल तिथे जास्त. नकाशा जुळला.

बाबा म्हणाले, "अगं, इथे स्पष्ट लिहिलंय, उरलेला फरक वाटू नये. ती वाट असते." म्हटलं, आमच्याकडे सगळे वाटतात. म्हणाले, "तरीच तुमचे नकाशे तसे."

कच्ची मापं रबरानं खोडून फील्डबुक स्वच्छ केलं. ऑफिसात असं चालत नाही. पण हे घर आहे.

शनिवार, ४

बाबांच्या खोलीचं दार सत्त्याहत्तर सेंटिमीटर रुंद. काल चौऱ्याऐंशी होतं. लाकूड फुगतं.

रविवार, ५

सत्तर. सुताराला फोन केला.

बाबांनी पुढचं पान वाचून दाखवलं: फरक वाटला गेलाच, तर मूळ मापं पुन्हा लिहावीत, वाट मोकळी होते. म्हटलं, खोडली. "मला पाठ आहेत, घे लिहून." फाइलींचे नंबर पाठ करणारा माणूस, दुसरं काय करणार. म्हटलं, जेवल्यावर.

जेवल्यावर राहिलं.

सोमवार, ६

त्रेसष्ट. घर पुन्हा मोजलं. फरक शून्य, नकाशा तंतोतंत. म्हणजे माझंच बरोबर होतं. बाबांना तसं सांगितलं. त्यांनी पोथीचं तेच पान पुन्हा उघडलं.

मंगळवार, ७

छप्पन. सुतार आला. दार ठोकलं, चौकट ठोकली, कान लावला. म्हणाला, "मॅडम, दाराला काही झालेलं नाही. भिंत सरकलीय. भिंतीला रंधा चालत नाही." पाणीही न पिता गेला. पेन्सिल विसरला.

बाबा खेकड्यासारखे कडेनं बाहेर आले. म्हणतात, खोलीची मागची भिंत दिसत नाही. या आठवड्यात त्यांच्या चष्म्याचा नंबर तपासायचा.

बुधवार, ८. सकाळी ८.४०

एकोणपन्नास. बाबा पोथी आणि टेपचं टोक घेऊन आत गेले. "बघून येतो. तू चहा टाक."

खोली तीन मीटर साठ आहे. टेप तीस मीटरची आहे. पूर्ण सुटली. मी ओरडून वाचन सांगितलं. त्यांनी काहीतरी उत्तर दिलं, फार लांबून. मग ओढ गेली.

नोंद: टेपला झोळ पडतो. आकडा विश्वासार्ह नाही.

मी आत गेले नाही. वाचणाऱ्यानं जागेवरून हलायचं नसतं.

गुरुवार, ९

बेचाळीस. उद्या रजा टाकून आत जाणार. आज मीटिंग होती.

शुक्रवार, १०

पस्तीस. रजा टाकली. माझे खांदे एकोणचाळीस भरतात. आजपासून संध्याकाळचं जेवण बंद.

शनिवार, ११

अठ्ठावीस. ताईचा फोन.

"बाबांना दे."

म्हटलं, आत आहेत.

"झोपलेत का?"

नाही, आत आहेत.

"परवाही आतच होते. इतकं आत काय करतात?"

म्हटलं, पोथी वाचतात. जे सांगितलं त्यात एकही वाक्य खोटं नव्हतं. ताई म्हणाली, "तुझ्याशी बोलण्यापेक्षा भिंतीशी बोललेलं बरं." भिंतीचा विषय तिनं काढायला नको होता.

संध्याकाळी जेवले.

रविवार, १२

एकवीस. फटीला कान लावला. आतून बाबांचा आवाज. शाळेतल्या मुलानं पाढे म्हणावेत तसे आकडे म्हणत होते. बारा झाले की पुन्हा पहिल्यापासून. मी पेन्सिल घेऊन दुपारभर बसले. सहावा तेवढा नीट ऐकू आला: दोन पंच्याऐंशी.

लिहिला. संध्याकाळपर्यंत दार एकवीसच. एका आकड्यानं भागत नाही.

चारनंतर आवाज थांबला.

सोमवार, १३. सकाळी ७.००

चौदा. रोज सात कमी होतात. उद्या सात, परवा शून्य. लाकूड फुगत नाहीये.

पुढची चिठ्ठी फटीतून आत सरकवली. नक्कल इथे ठेवते:

बाबा,

फरक मी वाटला. मापं मी खोडली. कुठे किती घातलं ते मला आठवत नाही. रविवारी, ५ तारखेला, तुम्ही सांगत होतात तेव्हाच लिहून घ्यायला हवं होतं.

सहावं माप मिळालं. उरलेली अकरा हवी आहेत. कागदाच्या मागची बाजू कोरी आहे. सोबत सुताराची पेन्सिल आहे. लिहिता आलं नाही तर मोठ्यानं म्हणा, मी दारातच बसून आहे. टेप सोडलेली नाही.

उत्तर मंगळवार, १४ तारखेला संध्याकाळी सहापर्यंत द्यावं.