पत्रिकांच्या गठ्ठ्यातला अर्ज

आई, बाबा,
दोघांनी एकत्रच वाचा.

पत्रिका पाकिटांत भरताना त्याच गठ्ठ्यात तुमचा घटस्फोटाचा अर्ज सापडला. सह्या दोघांच्या, तारीख माझ्या लग्नानंतरच्या सोमवारची.

मी रागावलेली नाही.

खोटं. रागावले आहे.

माझा थाटमाट पार पडेपर्यंत तुम्ही एका घरात दातओठ खात थांबणार, आणि मी स्टेजवर मिरवणार? हॉलवाला, बँडवाला, फुलवाला, सगळ्यांना नको म्हणून कळवलंय. लग्नाच्या नोंदणीची नोटीस तुमच्या होणाऱ्या जावयाने आणि मी आधीच दिली होती, म्हणून नोंदणी कार्यालयात उद्या अकराची वेळ मिळाली.

मी मैत्रिणीकडे आहे. फोन करू नका, रडेन. बाबा, गोळी जेवल्यावर घ्या.

उद्या साक्षीदार म्हणून सही करायला या. दोघंही.

मग सोमवारची वाट बघू नका.

— बारकी