घरात जे आहे तेच

४ जानेवारी १९६२, गुरुवार

आज घरात ब्राझीलवाला! माह्या पोरानं, चंपतनं आणला. आमच्या खुर्सीपार वस्तीतल्या पोरी ओरडत — रशियन आला! पोलादाच्या कारखान्यात रशियन ढीगभर आहेत, हा त्यायच्यातला नाही. ना मोटार ना माणसं. एक चावीचा कॅमेरा अन् फाटका जोडा. पोलादवाल्यायच्या घरांची दहा मिनिटांची फिलिम काढून राहिला म्हणे.

कारखान्यातला शामराव क्लर्क त्याचं बोलणं आमाले सांगे. मधीच आपल्याच मनानं म्हणाला, "मावशी, देवापुढं दिवा लावा. मागं धुराडं चांगलं दिसते."

म्हटलं, माह्या घरात देव नाही. छप्पन साली नागपूरहून दीक्षा घेऊन आलो, अन् देवायचं गाठोडं शिवनाथ नदीत बुडवाले चंपतच्या हाती दिलं. माहा म्हातारा, चंपतचा बा, संगं गेला अन् ओलाचिंब होऊन आला — पाय घसरला म्हणे. बावळट! त्याले जाऊनही आता दोन वर्षं झाली.

ब्राझीलवाला म्हणाला, घरात जे आहे तेच काढीन. फिलिम थोडी आहे, खोट्यासाठी नाही.

असा माणूस मले पटते. भाकर वाढली.

६ जानेवारी

ब्राझीलवाल्यानं मले भाकरी थापताना फिलिममधी काढलं. मग मी दळणाले गेली. तो अन् सून घरीच.

११ मार्च, रविवार

फिलिम मुंबईहून धुवून आली. शामरावच्या खोलीत भरदुपारी खिडक्यायले पोती लावून पाह्यली. आधी माह्या भाकरी. मग सत्यशीला — माही सून! — पेटी उघडते, फडकं सोडते, खंडोबा काढते, दिवा लावते.

शेजारची भागीरथा खिदळली, "कावो, बुद्धाच्या घरी खंडोबा?"

मी ब्राझीलवाल्याले चोर म्हटलं. बाजारातून देव आणून माह्या घरात मांडले! तो म्हणाला, होते तेच काढलं.

पुन्हा दाखव म्हटलं. खंडोबाच्या घोड्याचा कान चेपलेला. चंपत लहानपणी शाळा बुडवून आला तवा मीच तो त्याच्यावर फेकला होता.

देव माह्याच घरचे निघाले!

१२ मार्च

सुनेले विचारलं. "तुमी दळणाले गेल्या का लावतो, सासूबाई. पयल्यापासून."

पयल्यापासून! अन् मी वस्तीभर सांगत फिरते — आमच्या घरात देव नाही.

चंपतची डबल ड्युटी. येऊ दे घरी.

१३ मार्च

चंपत म्हणे, "माय, मी बुडवले होते. बानं डुबकी मारून काढले. मायले सांगू नको म्हणे."

दीक्षेत देव न मानायची शपथ घेताना म्हातारा माह्यापेक्षा मोठ्यानं बोलला होता.

नदीवरून ओला आला त्या दिवशी थंडीनं कुडकुडत होता. मीच त्याचे पाय शेकले.