जुन्या शाळेच्या उत्तर भिंतीवरील काचपट्टीबाबत

प्रति,
मा. कार्यकारी अभियंता,
इमारत विभाग

विषय : जुन्या शाळेचे पाडकाम स्थगित करून भेगेची फेरतपासणी करण्याबाबत.
संदर्भ : आपल्या कार्यालयाचा दि. ६ जूनचा आदेश.

महोदय,

१. मी या शाळेची माजी विद्यार्थिनी व तेथील शिपायांची मुलगी आहे. आदेशानुसार २० तारखेस पाडकाम सुरू होईल. ज्या एका नोंदीवर तो आदेश उभा आहे, ती चुकीची आहे. चूक माझ्या वडिलांची असून ती कबूल करण्यासाठी हा अर्ज आहे.

२. मूळ इमारत चार वर्गांची, दोन हात जाड दगडी भिंतींची. खिडक्या सर्व डावीकडे. लिहिणाऱ्या हाताची सावली अक्षरावर पडू नये, इतका विचार बांधणाऱ्याने केला होता. चाळीस वर्षांनी उत्तरेस विटांचे दोन वर्ग जोडले गेले. दगड आणि वीट एकमेकांत न गुंतवता नुसते शेजारी उभे केले, अबोला धरलेल्या भावांसारखे. आदेशातील भेग ती हीच. ती माझ्याहून वयाने मोठी आहे. दुसरीत असताना माझ्या करंगळीचे एक पेर तीत जात असे, आज जात नाही. वाढले आहे ते माझे बोट.

३. सुट्टी लागल्यावर आपल्या निरीक्षकांनी भेगेवर आडवी काचपट्टी बसवली, दोन्ही टोकांना प्लास्टर लावून. भिंत हलली की काच तुटते. हे वडिलांना कोणी सांगितले नाही.

४. शाळा उघडण्यापूर्वी वडील दरवर्षी एक काम करतात, जे त्यांना कोणी नेमून दिलेले नाही. गुडघ्यांवर बसून, लहान मुलाच्या उंचीवर, सर्व भिंतींवरून ते तळहात फिरवतात. खिळा, कुसळ, सुटलेला पोपडा हाताला लागला की काढून टाकतात. एकतीस वर्षे हे चालले आहे. यंदा हाताला काच लागली. पातळ पात्याने त्यांनी ती अलगद सोडवली व रुमालात गुंडाळून ठेवली.

५. दोन दिवसांनी निरीक्षकांना प्लास्टरचे दोन ठिपके तेवढे दिसले. मी आपल्या कार्यालयात येऊन सर्व सांगितले. लिपिक म्हणाले, "ताई, फॉर्मवर दोनच रकाने आहेत. शाबूत आणि तुटलेली. 'काढली' असा रकाना मी आणू कुठून?" पट्टी जागेवर नाही, म्हणून तुटली; तुटली, म्हणून भिंत हलली; हलली, म्हणून पाडावी. या तर्कात कोठेही फट नाही. ती फक्त भिंतीत आहे.

६. वडील त्या दिवसापासून जेवताना उजवा हात पाहत राहतात. "मुलांना लागू नये म्हणून फिरवला गं," एवढेच म्हणतात. पुढच्या वर्षी ते निवृत्त होतील. शाळा स्वतःच्या हाताने पडली, हे मनात घेऊन त्यांनी घरी बसावे का, हा प्रश्न आपल्या विभागाचा नाही, याची मला जाणीव आहे.

७. विनंती एवढीच, की नवी पट्टी बसवून तीन महिने वाट पाहावी. तोवर मुले मैदानावरील पत्र्याच्या शेडमध्ये बसतील. पट्टी तुटली, तर आमची काही हरकत राहणार नाही.

उत्तराची वाट पाहणारी,
(सही)
शिपायांची मुलगी
दि. ९ जून

सोबत :
१. वडिलांचे सहीनिशी निवेदन.
२. काचपट्टी, एक नग, अखंड, रुमालासह. कडा धारदार आहे, जपून उघडावी. आपल्या टेबलावर ती फुटल्यास भिंत हलल्याची नोंद कृपया करू नये.