दुसरं ताट

॥ श्री ॥
चिखली, ४ फेब्रुवारी १९६३

चि. पंजाबरावास अक्काचे अ. उ. आ.

इकडे सर्व ठीक, असं लिहायची रीत आहे म्हणून लिहिते. तुझा दयाराम कचेरीपुढच्या लिंबाखाली उपोषणाला बसला आहे. त्याचं गाव धरणाच्या तलावात गेलं, लोकांना अजून जमीन नाही. ती मिळवून देईन असं सुलतानपूरच्या सभेत तूच बोलला होतास. आता तू उपमंत्री झालास, आणि तो बेचाळीसच्या जेलमध्ये होता तसाच हट्टी राहिला. मी लिंबूपाणी नेलं, तर म्हणाला, अक्का, पंजा येईन तं त्याच्याच हातानं घेतो.

महादेवराव गुरुजींची आयर्लंडची गोष्ट आठवते का? इंग्रजांशी बंदूक घेऊन लढलेला तो माणूस पुढे मंत्री झाला, आणि त्याच्याच तुरुंगात त्याचा जुना सोबती उपाशी मेला. मग जन्मभर तो जेवताना समोर दुसरं ताट मांडायचा. गुरुजींनी ती किती रंगवली होती देव जाणे, पण तू केवढा चिडला होतास. मी असतो तं पयत गेलो असतो, म्हणाला होतास. तर आता पळत ये. मंत्र्यांना मोटार असते म्हणे.

आई असती तर तिनं कान धरला असता. ते काम आता माझ्याकडे.
तुझी अक्का

मुंबई, ८ फेब्रुवारी १९६३

ती. अक्कास शि. सा. न. वि. वि.

पत्र पावलं. वरचे म्हणतात, एका उपोषणाला मंत्री धावला की उद्या तालुक्या-तालुक्यात मांडव पडतील. जमिनीचं काम रीतसर होईल. तोवर दयारामला समजाव, तुझं तो ऐकतो.

आणखी एक, हसू नकोस. तुझं पत्र आल्यापासून जेवायला बसलो की समोर कुणीतरी बसलेलं वाटतं. काल भाकरी मोडली आणि अर्धी पुढे सरकवली. विमलनं विचारलं, कोणाला? मला सांगता येईना. जेलमध्ये मी आणि दयाराम दोघंही उपोषणाला बसलो, आणि मला रक्ताच्या उलट्या झाल्या. तेव्हा तो म्हणाला होता, तू जेवून घे बे, मी आहो ना. मी जेवलो. पुढे तो एकटाच उपाशी राहिला.

लोभ आहेच, तो कमी करू नकोस.
पंजाब

चिखली, १३ फेब्रुवारी १९६३

चि. पंजाबरावास आशीर्वाद.

समजावायचं काम माझ्यावर ढकललंस. मी गेले आणि नुसते पाय चेपून आले. आवाज पार खोल गेला आहे. त्याची बायको, सिंधूताई, उशाशी बसून पदरानं वारा घालते, माझ्याशी बोलत नाही. सडकेला मोटार वाजली की तो मान वळवतो, पंजा आला का विचारतो. मला त्याच्यापुढे खोटं बोलवत नाही.

भाषण नको, नुसता ये. पेला घासून ठेवला आहे.
अक्का

मुंबई, १६ फेब्रुवारी १९६३

ती. अक्कास शि. सा. न. वि. वि.

जमिनीच्या हुकमावर सही झाली. दयारामला तार केली आहे. सोमवारी इथली बैठक आटोपली की रात्रीच्या गाडीनं निघतो, हुकूम हातात घेऊनच येतो. आता तरी त्याला लिंबूपाणी घ्यायला लाव. अक्का, मला घास गिळवत नाही.

तुझाच
पंजाब

चिखली, २४ फेब्रुवारी १९६३

चि. पंजाबरावास आशीर्वाद.

मंगळवारी आलास, खांदा दिलास, आणि माझ्या घरी पाण्याचा घोटही न घेता परतलास. मला राग नाही, पण वाईट फार वाटलं. विमलनं कळवलं आहे की तू दोन ताटं मांडायला लावतोस आणि दोन्ही तशीच राहतात.

गर्दीत सांगता आलं नाही ते आता लिहिते. तार मीच वाचून दाखवली. जमीन मिळाली म्हटल्यावर त्याचा चेहरा निवला. मी पेला ओठाशी नेला, तर मान हलवली, म्हणाला, पंजा येऊन राह्यला ना, थांबतो. सोमवारी दुपारी मात्र त्यानं तुझी वाट पाहणं सोडलं. त्यानं खुणेनं मला जवळ बोलावलं आणि म्हणाला, पंजाले सांगजो, तू जेवून घे बे, मी आहो.

निरोप माझ्याकडे होता, तो पोचवला. जेवत जा.
अक्का