अनवाणी फेरी

अण्णा, तुम्ही गेल्यावर तुमच्या तंबूंचा मी धंदा मांडला, हे तुम्हाला कुणी सांगितलंच नाही. रिफायनरीच्या नोकरीतून सुट्टी मिळाली की तुम्ही पंधरा मुलं घेऊन जांबुघोड्याच्या जंगलाकडे निघायचात. पंधराच. सोळावं कितीही रडलं तरी "पुढच्या खेपेला" म्हणायचात. एकदा मुक्काम केला की महिनाभर त्या जागेवर पाऊल टाकायचं नाही, आणि निघताना सगळ्यांनी अनवाणी फेरी मारायची. ज्याला काही टोचेल त्यानं ते उचलायचं. मी दहा वर्षांची असताना माझीच केसांची पिन तुमच्या टाचेत घुसली. रक्त पुसत एवढंच म्हणालात, "बये, आपण गेल्यावर इथं कुणीतरी राहतं." सगळ्यांदेखत बोललात म्हणून मी बडोद्यापर्यंत फुगून बसले होते.

आता मांजलपूरच्या फ्लॅटमधून मी बुकिंग घेते. दर खाली ठेवायचा तर माणसं जास्त न्यावी लागतात, म्हणून पंधराचे पन्नास झाले. जागेला विश्रांती दिली तर हंगाम बुडतो, म्हणून तीही बंद केली. फेरी तेवढी राखली होती. पण गेल्या जानेवारीत बस बांधाशी आली, मंडळी "चालो, मोडुं थाय छे" म्हणत उशिराची घाई करू लागली आणि मी म्हटलं, जाऊ दे, एक दिवस.

जिच्या शेतात आपण तंबू टाकायचो ती मक्याचे रोटले देणारी मावशी आठवते ना? दुसऱ्या दिवशी तिच्या पायात बाटलीची काच गेली. जखम चिघळली, करंगळी काढावी लागली. दवाखान्यात गेले तर भांडली नाही हो ती! मुलाला सांगून मलाच चहा आणवला. म्हणाली, "बेन, तमारा बापा तो उघाडा पगे फरता." तुम्ही अनवाणी फिरायचात, एवढंच. मला तिथं बसवेना, अण्णा.

यंदा पुन्हा पंधराच घेतले. दर वाढवला, निम्मी गिऱ्हाईकं गळाली, गळू देत. काल निघताना सगळ्यांना चपला काढायला लावल्या. हसत, ठेचकाळत फिरले बिचारे. मावशी काठी टेकून बांधावर उभी होती.

हे पत्र तुमच्या जुन्या तंबूच्या पिशवीत घडी करून ठेवते आहे, दुसरीकडे कुठं पाठवणार? एकच सांगायचं राहिलं. काल मी बूट काढले नाहीत. टाच दुखते म्हणाले. टाच ठणठणीत आहे, अण्णा. त्या शेतात अजून माझंच काहीतरी पडलेलं असेल, याची मला भीती वाटली.